बर्फावरचा हुंडा

गेल्या आषाढात आमच्या वाचनालयाच्या माडीवर बोलता बोलता मी एक गोष्ट सांगून बसले, आणि तिच्यापायी हा लेख लिहावयाची पाळी माझ्यावर आली आहे. गोष्ट साधी होती. माझी नात कॅनडात राहते. ती बर्फावर नाचते. म्हणजे पायांत पात्यांचे बूट घालून संगीताच्या तालावर जोडीने नृत्य करते. त्याच्या रीतसर स्पर्धा असतात. हल्ली ती आपल्या एका मैत्रिणीबरोबर नाचू लागली आहे, एवढेच मी म्हटले. समोर एक निवृत्त गृहस्थ बसले होते. क्रिकेटपासून कॅरमपर्यंत जगातील यच्चयावत खेळांवर अधिकारवाणीने बोलण्याची त्यांना सवय आहे. ते हसले आणि म्हणाले, "दोन मुली? मग बाई, त्यात जोडी कुठं राहिली? स्त्रीपुरुषाचं प्रेम हाच त्या नृत्याचा आत्मा. तो काढून घेतलात की उरतं काय? भोंडला!"

माडीवर हशा पिकला. मीही हसले. भोंडल्याचा मला राग यायचे काही कारण नाही, मला तो अजून आवडतो. पण घरी आल्यावर तो 'आत्मा' हा शब्द घशात काट्यासारखा अडकून बसला. कारण ह्या आत्म्याची किंमत काय पडते आणि ती कोणाच्या खिशातून जाते, हे मी कॅनडात सहा महिने राहून डोळ्यांनी पाहिले आहे. त्या गृहस्थांना तेव्हा उत्तर देता आले नाही. आता देते.

आधी हा खेळ काय आहे तो सांगितला पाहिजे, कारण पुष्कळांनी तो टेलिव्हिजनवर ओझरताच पाहिला असेल. बर्फावरच्या जोडीच्या खेळाचे दोन पंथ आहेत. एकात पुरुष स्त्रीला डोक्यावर उचलतो, हवेत भिरकावतो, दोघेही उंच उड्या घेतात; त्याला पेअर स्केटिंग म्हणतात. दुसरा पंथ आइस डान्सचा. ह्यात फेकाफेक नाही, मोठ्या उड्या नाहीत. सगळी करामत पावलांत आणि पात्याच्या कडेत. दोघांनी एकमेकांच्या इतके जवळ राहून वळायचे की मधून वारा जाऊ नये. म्हणून ह्यांच्या पात्याचे मागचे टोकही इतरांपेक्षा आखूड ठेवतात. नाही तर एकाचे पाते दुसऱ्याच्या पात्याला लागायचे आणि दोघेही आडवे व्हायचे. एका पायावर गिरक्या घेत घेत पुढे सरकायचे, आणि तेही दोघांनी एकाच क्षणी, एकाच गतीने. ह्याला 'ट्विझल' म्हणतात. माझ्या नातीची तीन वर्षे त्या एका ट्विझलमध्ये गेली. जागतिक स्पर्धेत हा प्रकार १९५२ साली आला आणि ऑलिंपिकमध्ये १९७६ साली, इन्सब्रुकला. म्हणजे खेळ काही वेदकालीन नव्हे. माझ्याहून एखाद्या वर्षाने लहानच आहे. इतक्या थोड्या काळात त्याला 'आत्मा' फुटला आणि तो अविनाशीही ठरला, ह्याचे मला नवल वाटते.

आता नातीची कथा. माझे चिरंजीव ऑन्टॅरिओ प्रांतात नोकरीला आहेत. त्यांच्या गावापासून तासाभराच्या अंतरावर लंडन नावाचे शहर आहे. त्याच्या नदीचे नावही टेम्स. साहेब कुठेही गेला तरी घर बरोबर नेतो, हे तिथे पटते. ह्या लंडनच्या परिसरातून टेसा व्हर्च्यू आणि स्कॉट मॉयर ही जोडी निघाली. १९९७ साली, मुलगी सातआठ वर्षांची आणि मुलगा नऊदहाचा असताना, मुलाच्या नात्यातल्याच एका कोचबाईंनी त्यांची जोडी लावून दिली. ती जोडी २०१० साली व्हँकुव्हरला ऑलिंपिक जिंकली, २०१४ साली सोचीला दुसरी आली, आणि २०१८च्या फेब्रुवारीत कोरियात प्याँगचांगला पुन्हा पहिली. त्या दिवशी त्या प्रांतातल्या असंख्य घरांत लहान मुली खुर्च्या बाजूला सारून दिवाणखान्यात नाचल्या असतील. आमची तेव्हा आठ वर्षांची होती. तीही नाचली, आणि थांबलीच नाही. सुदैवाने त्याच रिंकवर नऊ वर्षांचा एक मुलगा मिळाला. पाच वर्षे दोघे बरोबर नाचली. पहाटे साडेचारला उठायचे, काळोखात मोटारीवरचा बर्फ खरवडायचा, पाच वाजता रिंकवर हजर व्हायचे, तिथून परस्पर शाळेत जायचे. माझी सून मोटारीत बसून शिळी पोळी चहात बुडवून खायची. हे सगळे लाडाकोडाचे चालले होते असे कोणी समजू नये. त्या दोघांच्या कोचची फी, बर्फाच्या तासांचे भाडे, वर्षाकाठी बदलावे लागणारे बूट, कपडे, प्रवास ह्यांचा हिशेब मुलाने मला एकदा दाखवला. मी तो मिटून परत दिला.

२०२३ साली एका संध्याकाळी मुलाच्या आईचा आठ ओळींचा निरोप आला. त्यांच्या मुलाला वरच्या पातळीवरची जोडीदारीण मिळाली होती. तुमच्या मुलीला शुभेच्छा, वगैरे. त्या पोराला मी दोष देत नाही. तो चौदा वर्षांचा, त्याला काय कळते? त्याच्या आईलाही फारसा देत नाही. बाजारात भाव मिळत असेल तर कोण सोडतो?

कारण तो बाजारच आहे. मी त्याच हिवाळ्यात तिथे गेले आणि तो बाजार मला सून संगणकावर दाखवू लागली. जोडीदार हवा असणाऱ्यांची एक यादी असते. तीत प्रत्येकाची उंची, वजन, वय, पातळी, गाव आणि 'स्थलांतराची तयारी आहे किंवा कसे' हे दिलेले. मी चष्मा पुसून पुन्हा वाचले. रविवारच्या वर्तमानपत्रातल्या 'वधू पाहिजे', 'वर पाहिजे' ह्या रकान्यांत एवढेच असते. गोत्र आणि मंगळ तेवढा कमी होता. मुलींची नावे संपता संपेनात. मुलांची हाताच्या बोटांवर, आणि त्यातली निम्मी वयाने किंवा उंचीने न जमणारी.

मग सुरू झाले ते 'ट्रायआउट' नावाचे प्रकरण. मुलीने मुलाच्या गावी जायचे. मुलाने मुलीच्या गावी यायचे नाही, असा काही लेखी नियम नाही. पण जातात त्या मुलीच. पहिल्या खेपेला आम्ही सहा तास मोटारीने गेलो. दोन दिवस त्या मुलाबरोबर तिने नाचून दाखवले. मुलाच्या आईने दोघांना पाठीला पाठ लावून उभे केले आणि डोक्यावरून तळहात फिरवून उंची पाहिली. रिंकच्या उपाहारगृहात आम्हीच कॉफी मागवली, आम्हीच पैसे दिले. निघताना मुलाचे वडील अत्यंत सौजन्याने म्हणाले, "आम्ही कळवू." ते इंग्रजीत म्हणाले, पण मला ते मराठीतच ऐकू आले. त्यांनी कळवले नाही. दुसऱ्या ठिकाणी मुलगी 'थोडी उंच' ठरली. तेव्हा ती चौदा वर्षांची होती, आणि तिथून पुढे सहा महिने ती पोक काढून चालत होती.

तिसरा मुलगा मात्र तयार झाला. नाचाची जोडी खरोखर छान जमली होती, हे मलासुद्धा दिसत होते. मग बैठक झाली. मुलगी त्यांच्या शहरात येऊन राहील. कोचची फी मुलीकडची मंडळी भरतील, म्हणजे दोघांचीही. मुलाचे बूट, कपडे, स्पर्धांचा प्रवास, तेही मुलीकडे. माझ्या मुलाने विचारले, "दोघांचा?" पलीकडचे गृहस्थ शांतपणे म्हणाले, "ह्या खेळात असंच असतं." आणि ते खोटे बोलत नव्हते. ह्या खेळातल्या मंडळींत ही गोष्ट सर्वांना ठाऊक आहे आणि कोणालाही तिची लाज वाटत नाही.

वाचकहो, १९६४ साली मी तेरा वर्षांची होते. थोरल्या बहिणीचे लग्न ठरत होते. हुंडाबंदीचा कायदा होऊन तीन वर्षे झाली होती आणि मुलाकडचे लोक सुशिक्षित होते, त्यामुळे हुंड्याचे नावही कोणी काढले नाही. "आम्हांला हुंडा नको," मुलाचे काका म्हणाले, "फक्त मुलाच्या पुढच्या शिक्षणाचं तेवढं तुम्ही पाहा." माझे वडील शाळामास्तर. त्यांनी आईकडे पाहिले. आईने दुसऱ्या दिवशी पाटल्या उतरवल्या. त्या बैठकीत मी दाराआड उभी राहून जे ऐकले, त्याचे अक्षरशः भाषांतर मी साठ वर्षांनी कॅनडातल्या एका कॉफीच्या टेबलाशी ऐकत होते. फरक एवढाच की बहिणीला निदान संसार मिळाला. इथे त्या मुलाने वर्षभराने पुन्हा दुसरी जोडीदारीण धरली तर गेलेला पैसा मागायचीही सोय नव्हती.

आमच्या माडीवरचे गृहस्थ म्हणतील की हे दुर्दैव आहे, पण नियमाचा काय दोष? मुलगे कमी आहेत हे निसर्गाचे काम! नाही हो, निसर्गाने मुलगे कमी घातलेले नाहीत. तेच मुलगे शेजारच्या रिंकवर हातात काठ्या घेऊन हॉकी खेळत होते. रांगा लावून! त्यांतला एखादा नाचायला आला की बाकीचे त्याला जे म्हणतात, त्याला आपल्याकडे 'नाच्या' हा तयार शब्द आहे. म्हणजे आधी समाजाने मुलांना हिणवून हुसकावून लावायचे, मग जे चार उरतील त्यांचा भाव वाढवायचा, आणि तो भाव मुलींच्या बापाकडून वसूल करायचा. त्यावर कळस म्हणून आंतरराष्ट्रीय संघाने नियम करून ठेवला आहे की जोडी म्हणजे एक स्त्री आणि एक पुरुष. दहा मुली, दोन मुलगे. आठ मुलींनी कितीही कसब मिळवले तरी त्या जोडीच्या बर्फावर उतरू शकत नाहीत. एकट्याने नाचण्याच्या काही स्पर्धा आहेत, पण त्यांना ऑलिंपिकचे दार नाही. मुलीच्या कारकिर्दीचे दार बाहेरून बंद आहे, आणि कडी एका चौदा वर्षांच्या पोराच्या हातात आहे.

"जिच्यात खरं तेज असतं ती वाट काढते," असेही माडीवर कोणी तरी म्हणाले होते. अशी एक मुलगी मला माहीत आहे. मारीना अनिसिना. मॉस्कोची. इल्या आवेरबुख ह्या मुलाबरोबर ती १९९० आणि १९९२ साली ज्युनिअर गटाची जगज्जेती झाली. मग आवेरबुखने तिला सोडून दुसरी जोडीदारीण घेतली. जगज्जेत्या मुलीला तिच्या एवढ्या मोठ्या देशात जोडीदार मिळेना! तिने परदेशी मुलांना पत्रे लिहिली. ल्याँ शहरातल्या ग्वेंडाल पेझेरा ह्या फ्रेंच मुलाने उत्तर दिले. ती विशीच्या आत मॉस्को सोडून ल्याँला गेली, नवी भाषा शिकली, फ्रान्सची नागरिक झाली, आणि २००२ साली सॉल्ट लेक सिटीच्या ऑलिंपिकमध्ये पेझेराबरोबर सुवर्णपदक जिंकली. रौप्यपदक कोणाला मिळाले? आवेरबुखला, आणि ज्या मुलीसाठी त्याने मारीनाला सोडले होते तिला. नाटककाराने असे लिहिले असते तर आपण त्याला भाबडा म्हटले असते. (त्या ऑलिंपिकमध्ये फ्रेंच पंचबाईंच्या मतावरून मोठे वादळ झाले आणि गुण देण्याची सगळी पद्धतच पुढे बदलली, पण तो ह्या मुलीचा अपराध नव्हे.)

गोष्ट गोड आहे. मीही ती नातीला सांगितली. पण सांगता सांगता मला जाणवले की हिला जे करावे लागले ते मुलांना सहसा करावे लागत नाही. आवेरबुखला जोडीदारिणीसाठी गाव सोडावे लागले नाही, भाषा सोडावी लागली नाही, देश सोडावा लागला नाही. सासरी जाण्याची रीत बर्फावरही मुलीलाच लागू. अमेरिकेतर्फे नाचणारी टॅनिथ बेल्बिन मूळची कॅनडाची. १९९८ साली ती बेन अगॉस्टो ह्या मुलासाठी मिशिगनला गेली. जागतिक स्पर्धेला दोघांपैकी एक त्या देशाचा असला तरी चालते, पण ऑलिंपिकला दोघेही नागरिक लागतात. तेव्हा २००५च्या डिसेंबरात अमेरिकेच्या संसदेला कायद्यात खास तरतूद करावी लागली, राष्ट्राध्यक्षांनी सही केली, तेव्हा कुठे २००६ साली तुरिनला ती नाचू शकली आणि रौप्यपदक घेऊन आली. एका मुलीला नाचता यावे म्हणून राष्ट्राध्यक्षाची सही! आणि ज्यांचे बाप संसदेपर्यंत पोचू शकत नाहीत त्यांनी काय करावे? 'खरे तेज' म्हणजे हे असते तर मग कमी तेजाच्या मुलींनी चूल धरावी, असेच म्हणा की.

आता त्या आत्म्याकडे वळू. स्त्रीपुरुषाचे प्रेम हा आइस डान्सचा आत्मा म्हणता? १९९१ साली जगज्जेती ठरलेली आणि १९९२ साली अल्बेरव्हिलला फ्रान्सतर्फे रौप्यपदक घेणारी जोडी कोणाची? इझाबेल आणि पॉल दुशेने. ते बहीणभाऊ! २०१८ साली प्याँगचांगला अमेरिकेसाठी कांस्यपदक घेणारी माया आणि अॅलेक्स शिबुतानी ही जोडी? तीही बहीणभाऊ. त्यांना गुण देताना पंचांनी कोणता आत्मा पाहिला? आणि ज्या टेसा व्हर्च्यूचे नाव वर आले, तिला आणि स्कॉटला सारे जग वर्षानुवर्षे एकच प्रश्न विचारत होते: तुम्ही लग्न कधी करणार? तिच्या पायांच्या पोटऱ्यांना असे दुखणे होते की २००८ आणि २०१० अशा दोन वेळा शस्त्रक्रिया करावी लागली. त्या पायांवर ती दोनदा ऑलिंपिक जिंकली, आणि लोक विचारतात, मुहूर्त कधी! दोघे सांगून दमले की आम्ही प्रियकर-प्रेयसी नाही. म्हणजे ते प्रेम बर्फावर नव्हते, ते पाहणाऱ्याच्या डोळ्यांत होते. नर्तकांनी ते कलेने उभे केले. जे कलेने उभे करता येते त्याला जन्माचा दाखला कशाला लागतो?

हे आपल्याला, मराठी माणसाला, कोणी शिकवावे लागावे ह्याची मला खरोखर गंमत वाटते. १९२१ साली मुंबईत टिळक स्वराज्य फंडासाठी संयुक्त 'मानापमान' झाले. भामिनी बालगंधर्व, धैर्यधर केशवराव भोसले. दोन पुरुष! माझे आजोबा त्या नाटकाला जायचे म्हणून नाशिकहून मुंबईला गेले आणि तिकिटाचा दर ऐकून परत आले. पुढे जन्मभर ते ही हळहळ सांगत. ज्यांना तिकीट मिळाले त्यांनी त्या रात्री 'ह्यात जोडी कुठे आहे?' असे विचारले नाही. तीन पिढ्या मराठी बायका बालगंधर्वांसारखे नऊवारी नेसायला आणि अंबाड्यात फूल खोवायला शिकल्या. माडीवरचे हेच गृहस्थ दर गणेशोत्सवात बालगंधर्वांच्या रेकॉर्डी लावतात आणि डोळे मिटून मान डोलावतात. दोन पुरुषांनी उभे केलेले स्त्रीपुरुषाचे प्रेम ह्यांना चालते, नव्हे, त्यावर हे अश्रू ढाळतात. दोन मुली नाचल्या की मात्र भोंडला!

आणखी एक दाखला देते. तो तरुण वाचकांना आजोबांच्या नाटकापेक्षा जवळचा वाटेल. २०१०च्या व्हँकुव्हर ऑलिंपिकमध्ये मेरिल डेव्हिस आणि चार्ली व्हाइट ह्या अमेरिकन जोडीने आपल्या हिंदी सिनेमाच्या गाण्यांवर नृत्य केले होते. त्यांत 'देवदास'मधले 'डोला रे' होते. त्या वर्षी त्यांना रौप्यपदक मिळाले, सोचीला २०१४ साली सुवर्ण. आपली मंडळी हरखून गेली. आता आठवा, २००२च्या त्या चित्रपटात 'डोला रे' कोण नाचले आहे? आपली माधुरी दीक्षित आणि ऐश्वर्या राय. दोन बायका! दोन बायकांचे नृत्य एका बाईने आणि एका बुवाने बर्फावर केले, तेव्हा कोणाला त्यात काही उणे वाटले नाही. तेच गाणे त्याच बर्फावर दोन बायकांनी, जसे मुळात होते तसेच केले असते, तर नियमाने त्यांना दारातूनच परत पाठवले असते.

राहता राहिला शक्तीचा प्रश्न. मुलगी मुलीला उचलणार कशी? आइस डान्समध्ये जोडीदाराला डोक्यावर हात ताणून उचलावयाचे नसतेच, हे मी आरंभी सांगितले. स्कॉटलंडचे शिनेड आणि जॉन केर हे बहीणभाऊ २००६ आणि २०१० अशा दोन ऑलिंपिकमध्ये नाचले. त्यांच्या नृत्यांत बहीण भावाला उचलून घेई. प्रेक्षकांना ते फार आवडे. मी दोन मुलींच्या बाजूने पक्षपात करा असे म्हणत नाही. त्यांची उचल कमी पडली तर गुण कमी द्या. कड उथळ पडली तर गुण कापा. पंच त्यासाठीच बसलेले असतात. स्त्रीपुरुषांच्या जोड्या बंद करा असेही मी म्हणत नाही, त्या सुखाने नाचोत आणि जमल्यास लग्नेही करोत. माझे म्हणणे इतकेच की दोन माणसे चांगली नाचत असतील तर त्यांना दारात अडवून 'तुमच्यात नवरा कोण?' असे विचारू नका.

नियम हा पवित्र असतो असे ज्यांना वाटते त्यांच्यासाठी ह्याच संघाची एक जुनी कथा सांगते. १९०२ साली लंडनला, खऱ्याखुऱ्या लंडनला, बर्फावरच्या स्केटिंगची जागतिक स्पर्धा होती. स्पर्धा पुरुषांची, असे सगळे धरून चालले होते. पण नियमांत 'पुरुष' हा शब्दच लिहायचा राहून गेला होता. मॅज सायर्स नावाच्या इंग्रज बाईंनी अर्ज केला. नाही म्हणायला आधार सापडेना. बाई लांब झगा घालून उतरल्या आणि दुसऱ्या आल्या! मग काय झाले? बाईंचे कौतुक झाले असेल असे वाटते ना? संघाने पुढच्याच वर्षी स्त्रियांना बंदी केली. झग्यामुळे पंचांना पाय नीट दिसत नाहीत, हे एक कारण पुढे केले गेले. दुसरे कारण असे की एखाद्या पंचाचे एखाद्या बाईवर मन जडले तर न्याय कसा व्हायचा! मन जडणार पंचाचे आणि घरी बसणार बाई. सायर्सबाईंनी झगा आखूड केला आणि भांडत राहिल्या. शेवटी १९०६ साली स्त्रियांची निराळी स्पर्धा निघाली. ती त्यांनीच जिंकली, आणि १९०८ साली ऑलिंपिकही. आज बायकांशिवाय ह्या खेळाची कल्पना कोणी करू शकेल काय? त्या वेळीही कोणी तरी 'आत्मा' म्हणालेच असेल.

कॅनडाच्या राष्ट्रीय संस्थेने २०२२च्या डिसेंबरात देशांतर्गत स्पर्धांपुरता हा नियम सैल केला. जोडी म्हणजे दोन स्केटर, मग ते कोणीही असोत. सरहद्दीपलीकडे अजून जुनेच राज्य आहे. २०२२ साली बीजिंगला सुवर्णपदक घेणारी गाब्रिएला पापाडाकिस आणि त्याच स्पर्धेत कांस्यपदक घेणारी मॅडिसन हबेल, ह्या दोघी पुढे निवृत्त होऊन एकमेकींबरोबर नाचल्या. पण त्या जलशांत. स्पर्धेत उतरत्या तर त्या दोघी मिळून 'जोडी' ठरल्या नसत्या. ऑलिंपिकची पदके गळ्यात पडलेल्या दोन बायकांना एकमेकींचा हात धरून स्पर्धेच्या बर्फावर येता येत नाही, हे मी माझ्या नातीला कोणत्या तोंडाने समजावून सांगू?

त्या तिसऱ्या मुलाला माझ्या मुलाने नकार कळवला. त्या रात्री घरात कोणी जेवले नाही. नातीने दोन महिने बूट कपाटात टाकले. मग त्याच रिंकवरची एक मुलगी, जिचाही मुलगा असाच सोडून गेला होता, एका शनिवारी दारात येऊन उभी राहिली आणि म्हणाली, नुसता सराव तरी करू. मी तेव्हा तिथेच होते. पहिल्या दिवशी दोघी इतक्या वेळा पडल्या की रिंकवरचा पहारेकरी काळजीने डोकावून गेला. दोघींनाही उलटे जायचीच सवय, पुढून ओढणारे कोणी नाही! हळूहळू त्यांनी वाटून घेतले. आता अर्ध्या नृत्यात ही पुढे असते, अर्ध्या नृत्यात ती. आपापला खर्च आपापले आईबाप भरतात. गेल्या हिवाळ्यात त्यांनी प्रांताच्या स्पर्धेत पहिल्यांदा नाव दिले. नऊ जोड्यांत सातव्या आल्या.

ह्या रविवारी नातीचा फोन आला होता. "आजी, त्या माडीवरच्या आजोबांना सांगितलंस का?" तिने विचारले. मी म्हटले, लिहिते आहे. मग ती बराच वेळ नव्या बुटांविषयी बोलत राहिली. उजवा घोट्याला लागतो आहे म्हणाली. मी तिला खोबरेल लावायला सांगितले.